ओइन ओ'डफी : मैदान, फौज आणि पोलीस

ओइन ओ'डफी (१८९०–१९४४) हा आयर्लंडच्या स्वातंत्र्ययुद्धातला एक सेनानी, नव्या राज्याच्या सैन्याचा प्रमुख आणि त्या राज्याच्या पोलीस दलाचा दुसरा आयुक्त. त्याआधी तो खेळांचा संघटक होता आणि नंतर निळ्या सदऱ्यांच्या फॅसिस्ट धाटणीच्या चळवळीचा नेता झाला. आयरिश इतिहासात त्याचे नाव आज निघते ते मुख्यतः या शेवटच्या पर्वामुळे, आणि तेही बहुधा चेष्टेच्या सुरात. त्याचे चरित्र साधारणपणे घसरणीची कथा म्हणून सांगितले जाते: चांगला संघटक, कर्तबगार अधिकारी, मग सत्तेची हाव, मग हुकूमशाहीचे वेड आणि शेवटी फजिती. ही मांडणी सोयीची आहे, पण पुरेशी नाही. ओ'डफीच्या अंगचे गुण पहिल्यापासून शेवटपर्यंत फारसे बदलले नाहीत. बदलली ती त्याच्याभोवतीची चौकट. खेळाच्या संस्थेत नियमावली आणि निवडून आलेली मंडळे होती, फौजेत वरिष्ठ होते, पोलिसांत मंत्री होता. १९३३ मध्ये यांतले काहीच उरले नाही, तेव्हा तोच माणूस तेच गुण घेऊन भलतीकडे गेला.

त्याचा जन्म मोनॅहन काउंटीतल्या कॅसलब्लेनीजवळच्या एका लहान शेतकऱ्याच्या घरात झाला. भावंडांत तो सर्वांत धाकटा. आई तो लहान असतानाच वारली. काउंटीच्या सर्वेक्षण खात्यात कारकुनी करत तो साहाय्यक सर्वेक्षक झाला आणि क्लोन्स या गावी राहू लागला. मोनॅहन हा अल्स्टर प्रांताचा भाग. या प्रांतातल्या नऊ काउंट्यांपैकी सहा १९२१ च्या फाळणीत ब्रिटनकडे राहिल्या आणि मोनॅहनसह तीन दक्षिणेत आल्या. कॅथलिक आणि प्रॉटेस्टंट वस्ती शेजारी शेजारी, पण शाळा वेगळी, सण वेगळे, मिरवणुका वेगळ्या, असा हा मुलूख. आपला कोण आणि परका कोण हे इथे पोराला चालता येण्याआधीच कळते. ओ'डफीच्या पुढच्या राजकारणातला कडवेपणा या मातीतला आहे.

गेलिक ॲथलेटिक असोसिएशन ही संस्था १८८४ मध्ये थर्ल्स या गावी स्थापन झाली. हर्लिंग आणि गेलिक फुटबॉल हे देशी खेळ जोपासणे हा तिचा हेतू. क्रिकेट आणि रग्बी यांसारख्या 'परक्या' खेळांना तिने आपल्या सभासदांसाठी बंदी घातली. ब्रिटिश सैनिक आणि पोलीस यांना सभासदत्वच नाकारले. पोलिसांना दारात उभे न करणाऱ्या संस्थेतून देशाचा पोलीसप्रमुख यावा, हा विनोद इतिहासाने पुढे केलाच. ओ'डफी स्वतः गेलिक फुटबॉल खेळला, पण खेळाडू म्हणून गाजला नाही. त्याचे खरे मैदान कचेरीचे होते. १९१२ मध्ये तो या संस्थेच्या अल्स्टर मंडळाचा सचिव झाला. सामन्यांच्या तारखा लावणे, मैदाने मिळवणे, आगगाड्यांच्या वेळा जुळवणे, वर्गणी गोळा करणे, हरलेल्या संघाच्या तक्रारी मिटवणे ही त्याची कामे. अल्स्टरमध्ये संस्था दुबळी होती आणि विरोधक तगडे होते. त्यामुळे प्रत्येक सामना पार पाडणे हीच एक छोटी मोहीम असे.

या संस्थेची बांधणी समजली की पुढचे बरेच उलगडते. प्रत्येक चर्चच्या हद्दीत एक क्लब, त्यावर काउंटीचे मंडळ, त्यावर प्रांताचे, आणि सर्वांवर डब्लिनचे मध्यवर्ती मंडळ. १९१७ नंतर स्वयंसेवक दल, म्हणजे पुढची आयरिश रिपब्लिकन आर्मी, खेडोपाडी पसरले ते जवळजवळ याच वाटांनी. मात्र सगळे हर्लिंगपटू बंडखोर होते, ही समजूत खरी नाही. संस्था म्हणून असोसिएशन राजकारणापासून पुष्कळदा हातचे राखून राहिली आणि बहुसंख्य खेळाडूंनी कधी बंदूक धरली नाही. पण ज्याला माणसे जमवायची होती त्याला माणसे कुठे आहेत आणि त्यांतली कोणती शब्दाला जागणारी आहेत, हे या जाळ्यामुळे ठाऊक असे. ओ'डफीला ते ठाऊक होते. १९१८ च्या उन्हाळ्यात सरकारने सामन्यांसाठी परवाना सक्तीचा केला. संस्थेने परवाना मागायला नकार दिला आणि ४ ऑगस्टला देशभर एकाच वेळी विनापरवाना सामने भरवले. हजारो खेळाडू एका वेळी मैदानात उतरले, तेव्हा अटक कोणाकोणाला करणार? सरकार गप्प बसले. ओ'डफीला मात्र त्याच वर्षी बेकायदा जमावाच्या आरोपावरून बेलफास्टच्या तुरुंगात जावे लागले.

तोवर तो स्वयंसेवक दलात शिरलेला होता आणि बंडखोरांचा नेता मायकेल कॉलिन्स याच्या नजरेत भरला होता. कॉलिन्सला शूर माणसांपेक्षा कागद नीट ठेवणारी, वेळेवर अहवाल पाठवणारी माणसे दुर्मीळ वाटत, आणि ओ'डफी तसा होता. फेब्रुवारी १९२० मध्ये त्याने दलातला दुसरा एक अधिकारी अर्नी ओ'मॅली याच्यासह मोनॅहनमधल्या बॅलिट्रेन येथील पोलीस ठाणे घेतले. अल्स्टरमध्ये बंडखोरांच्या हाती पडलेले हे पहिले ठाणे.

हे ठाणे रॉयल आयरिश कॉन्स्टॅब्युलरीचे होते. सशस्त्र, बराकीत राहणारे, डब्लिन कॅसलमधून चालवले जाणारे आणि शिपायाला त्याच्या स्वतःच्या काउंटीत नेमणूक न देणारे असे हे दल. लंडनचे पोलीस वेगळ्या तत्त्वावर उभे होते. पण साम्राज्याने वसाहतींत नेला तो आयरिश नमुना. १८४३ मध्ये सिंध जिंकल्यावर चार्ल्स नेपियरने तिथले पोलीस दल याच धर्तीवर उभारले, आणि दहाएक वर्षांत मुंबई इलाख्याने त्याचा कित्ता गिरवला. महाराष्ट्रातल्या जिल्हा पोलिसांच्या रचनेचे एक मूळ असे आयर्लंडपर्यंत जाते. १९१९ ते १९२१ या स्वातंत्र्ययुद्धाच्या काळात बंडखोरांनी या दलालाच मुख्य लक्ष्य केले. चारशेहून अधिक पोलीस मारले गेले, शेकडो ठाणी ओस पडली, आणि लोकांनी पोलिसांशी बोलणेही टाकले.

जुलै १९२१ मध्ये युद्धतहकुबी झाल्यावर ओ'डफी बेलफास्टमध्ये संपर्क अधिकारी म्हणून गेला. सप्टेंबरमध्ये आर्माच्या सभेत, कॉलिन्स व्यासपीठावर असताना, त्याने उत्तरेतले ब्रिटननिष्ठ युनियनवादी वळणावर आले नाहीत तर त्यांच्याशी शिशाच्या भाषेत बोलावे लागेल, अशा अर्थाचे भाषण ठोकले. विरोधी वृत्तपत्रांनी त्यावरून त्याला टोपणनाव बहाल केले. तोल सुटलेल्या भाषणांची ही सवय जुनी होती. तेव्हा ती खपून गेली, कारण निर्णय त्याच्या हातात नव्हते. त्या वर्षाअखेर ब्रिटनशी तह झाला तेव्हा तो कॉलिन्सबरोबर तहाच्या बाजूने उभा राहिला, आणि जानेवारी १९२२ मध्ये लष्करप्रमुख झाला. जूनमध्ये या तहावरून यादवी सुरू झाली. कालचे साथी समोरासमोर आले. नैर्ऋत्य विभागाचा सेनापती म्हणून त्याने लिमरिकच्या आसपासची मोहीम चालवली आणि शहर ताब्यात घेतले.

त्याच्या आयुष्यातले सर्वांत भरीव काम यानंतरचे आहे.

नव्या सरकारने फेब्रुवारी १९२२ मध्ये 'सिव्हिक गार्ड' या नावाने पोलीस दल सुरू केले. पहिला आयुक्त मायकेल स्टेन्स. भरती झालेले बहुतेक जवान बंडखोर फौजेतले होते, आणि त्यांना शिकवायला नेमलेले काही अधिकारी जुन्या कॉन्स्टॅब्युलरीतले. कालपर्यंत ज्यांच्यावर गोळ्या झाडल्या त्यांनाच सलाम ठोकायचा, हे जवानांना मानवले नाही. मे महिन्यात किल्डेअरच्या छावणीत बंड झाले. स्टेन्सला छावणी सोडावी लागली, आणि पुढे तहविरोधकांनी आतल्या माणसांच्या मदतीने तिथली शस्त्रे पळवली. चौकशी झाली. दलाची फेररचना व्हावी, आयुक्त राजकारणी नसावा आणि दल निःशस्त्र असावे, या दिशेने शिफारशी झाल्या. सप्टेंबरमध्ये गृहमंत्री केविन ओ'हिगिन्सने ओ'डफीला आयुक्तपदी आणले.

निःशस्त्र पोलीस ही कल्पना आज आयर्लंडमध्ये अभिमानाने सांगितली जाते आणि तिचे श्रेय कधी स्टेन्सला, कधी ओ'डफीला दिले जाते. त्यात तत्त्वाचा भाग होताच. लोकांना जुन्या दलाची बंदूकधारी बराक नको होती. पण व्यवहाराचा भागही तितकाच होता. यादवीच्या ऐन भरात एखाद्या खेड्यात पाच शिपाई आणि पाच रायफली ठेवणे म्हणजे रायफली न्यायला आमंत्रण देणे, हे किल्डेअरने दाखवून दिले होते. शिपाई बिनशस्त्र असेल तर त्याला मारून हाती काही लागत नाही, आणि मारणाऱ्याची गावात छी-थू होते. हा हिशेब बव्हंशी बरोबर ठरला. तहविरोधकांनी ठाणी जाळली, शिपायांना मारहाण केली, त्यांचे गणवेश हिसकावले, पण त्यांच्यावर सरसकट गोळ्या झाडल्या नाहीत.

अपवाद घडले. १४ नोव्हेंबर १९२२ रोजी हेन्री फेलन हा तरुण शिपाई किलकेनी काउंटीतल्या कॅलनहून टिपेररीतल्या मलिनाहोन गावी गेला होता. कॅलनमध्ये नवा हर्लिंग संघ काढायचा होता, त्यासाठी काठ्या आणि चेंडू घ्यायचे होते. दुकानात शिरलेल्या सशस्त्र माणसांनी त्याला गोळी घातली. गोळीला बळी पडलेला या दलातला हा पहिला शिपाई. ज्या कामासाठी तो गेला होता ते कामही ओ'डफीच्या धोरणातच बसणारे होते. गावच्या तरुणांबरोबर खेळणारा शिपाई गावाचा होतो, आणि गावाचा झालेल्या शिपायाला बंदूक लागत नाही, असा त्यामागचा विचार होता.

हे धोरण ओ'डफीचे स्वतःचे, आणि त्याचे मोल नाकारता येत नाही. गेलिक संस्थेने ज्यांना वर्षानुवर्षे दाराबाहेर ठेवले ते पोलीस आता तिच्या मैदानांवर आले. नव्या दलातले जवान हर्लिंग, फुटबॉल, मुष्टियुद्ध आणि रस्सीखेच यांत पुढे आले. १९२७ मध्ये अखिल आयर्लंड हर्लिंग अजिंक्यपद जिंकणाऱ्या डब्लिनच्या संघात गार्ड दलातले अनेक खेळाडू होते. दारूपासून दूर राहावे, गेलिक भाषा शिकावी, प्रार्थनेला जावे, असा आयुक्ताचा धोशा असे. १९२३ मध्ये दलाला 'गार्डा शिओखाना', म्हणजे शांततेचे रक्षक, हे नाव मिळाले. १९२५ मध्ये डब्लिनचे वेगळे पोलीस दल त्यात विलीन झाले. १९२८ मध्ये ओ'डफी जवानांचा मोठा जथा घेऊन रोमच्या यात्रेला गेला. कॅथलिक बहुसंख्येच्या देशात या धार्मिकतेने दलाला लोकांच्या जवळ नेले. अल्पसंख्य प्रॉटेस्टंटांना त्यातून काय वाटत असेल, याचा विचार फारसा झालेला दिसत नाही.

दलाची रचना मात्र जुन्या कॉन्स्टॅब्युलरीचीच राहिली. मध्यवर्ती नियंत्रण, हुद्द्यांची उतरंड, बराकीतला मुक्काम, गावापासून दूरची नेमणूक, सगळे तेच. बॅलिट्रेनचे ठाणे घेणाऱ्या माणसाने त्या ठाण्याची नियमावली बंदुका वगळून पुढे चालवली. साध्या वेशातले गुप्तचर सशस्त्र राहिले, हेही विसरता येत नाही. यावरून ओ'डफीची निर्भर्त्सना करण्याचे कारण नाही. यादवीतून बाहेर येणाऱ्या, तिजोरीत खडखडाट असलेल्या राज्याने दोन-तीन वर्षांत देशभर चालणारे पोलीस दल उभे केले, ते हाताशी असलेला साचा वापरूनच शक्य होते.

मार्च १९२४ मध्ये सैन्यकपातीवरून लष्करी अधिकाऱ्यांच्या एका गटाने सरकारला निर्वाणीचा इशारा दिला. सरकारने ओ'डफीला पोलीस आयुक्तपदावर ठेवूनच सैन्याची सूत्रेही त्याच्या हाती दिली. जवळजवळ वर्षभर एका माणसाकडे देशाचे पोलीस आणि फौज दोन्ही होती. त्याने ती मुकाट परत केली, हे त्याच्या बाजूने नोंदवायलाच हवे. पण त्या वेळी ओ'हिगिन्स गृहमंत्री होता, हेही त्याच्या शेजारीच नोंदवायला हवे. ओ'हिगिन्सचा आग्रह असा, की पोलीस आणि सैन्य ही मुलकी सरकारची साधने आहेत; त्यांच्या प्रमुखांची लोकप्रियता हा त्यांचा खासगी विषय. १९२६ च्या अखेरीस ठाण्यांवर हल्ले होऊन दोन पोलीस मारले गेले. त्यानंतर वॉटरफर्डमध्ये अटकेतल्या संशयितांना मारहाण झाली. आपल्या माणसांची पाठराखण करणारा आयुक्त आणि कायद्यावर अडून बसणारा मंत्री यांच्यात तेव्हा खटके उडाले. जुलै १९२७ मध्ये ओ'हिगिन्सचा खून झाला. आयुक्ताला तोडीस तोड उत्तर देणारा मंत्री त्यानंतर त्या जागेवर आला नाही.

१९३२ हे वर्ष ओ'डफीच्या वैभवाचे. जूनमध्ये डब्लिनला आंतरराष्ट्रीय युकॅरिस्टिक काँग्रेस भरली. फिनिक्स पार्कमधल्या प्रार्थनेला लाखोंचा समुदाय लोटला, आणि बंदोबस्त चोख राहिला. आयरिश ऑलिंपिक मंडळाचा अध्यक्षही तोच होता. केंब्रिजमध्ये शिकलेल्या बॉब टिस्डल या धावपटूने ४०० मीटर अडथळ्यांच्या शर्यतीसाठी आपला विचार व्हावा, असे पत्र त्याला लिहिले. त्या प्रकारातला टिस्डलचा अनुभव नगण्य होता, तरी त्याला संधी मिळाली. १ ऑगस्टला लॉस एंजेलिसमध्ये टिस्डलने ५१.७ सेकंदांत सुवर्णपदक जिंकले, आणि त्याच दुपारी पॅट ओ'कॅलाहनने हातोडाफेकीत १९२८ पाठोपाठ दुसरे सुवर्ण मिळवले. टिस्डलने शेवटचा अडथळा पाडल्यामुळे त्याची वेळ त्या काळच्या नियमाने विश्वविक्रम ठरली नाही. इतक्या लहान देशाला एका दुपारी दोन सुवर्णपदके मिळाली, हा आयरिश ॲथलेटिक्समधला सोन्याचा दिवस.

राजकारण मात्र पालटले होते. मार्च १९३२ मध्ये एमन डी व्हॅलेराचा पक्ष, म्हणजे दहा वर्षांपूर्वी यादवी हरलेली बाजू, निवडणुकीतून सत्तेवर आला. सत्तांतर होण्याआधी ओ'डफीने लष्करी हस्तक्षेपाची चाचपणी केल्याचे त्याच्या चरित्रकारांनी लिहिले आहे. फौजेच्या प्रमुखाने त्याला थारा दिला नाही. जानेवारी १९३३ ची निवडणूक पुन्हा जिंकल्यावर २२ फेब्रुवारीला डी व्हॅलेराने त्याला आयुक्तपदावरून दूर केले. त्याच्यावर आरोप ठेवला नाही. आयुक्तावर सरकारचा पूर्ण विश्वास हवा, एवढेच कारण दिले आणि तितक्याच पगाराचे दुसरे पद देऊ केले. ओ'डफीने ते नाकारले. विरोधी पक्षाने संसदेत गहजब केला, पण पोलीस ठाण्यांत दुसऱ्या दिवशीही हजेरी नेहमीसारखी झाली. दहा वर्षे ज्याने दल घडवले त्याच्यासाठी दल हलले नाही. ओ'डफीने उभारलेल्या शिस्तीचा याहून मोठा पुरावा नाही, आणि त्याला तो सर्वांत कमी आवडला असणार.

जुलै १९३३ मध्ये तो निवृत्त सैनिकांच्या आर्मी कॉमरेड्स असोसिएशनचा नेता झाला. निळा सदरा तिथे आधीच आला होता. ओ'डफीने संघटनेला 'नॅशनल गार्ड' हे नाव दिले आणि तिचा रोख इटलीकडे वळवला. ऑगस्टमध्ये कॉलिन्स, ग्रिफिथ आणि ओ'हिगिन्स या तहाच्या बाजूच्या दिवंगत नेत्यांच्या स्मरणार्थ डब्लिनमध्ये मोठी मिरवणूक काढायचे ठरले. मुसोलिनीच्या रोमवरील कूचाची आठवण सगळ्यांनाच होती. सरकारने बंदी घातली. ओ'डफीने मिरवणूक मागे घेतली. सप्टेंबरमध्ये या संघटनेचे दोन पक्षांशी विलीनीकरण होऊन फिने गेल पक्ष जन्माला आला आणि संसदेत नसलेला ओ'डफी त्याचा पहिला अध्यक्ष झाला.

निळ्या सदऱ्यांना चाळीस हजारांहून अधिक सभासद मिळाले. ते सगळे फॅसिझमवर लट्टू होते असे नाही. ब्रिटनशी चाललेल्या व्यापारयुद्धात गुरांचे भाव कोसळले होते, शेतकरी चिडलेले होते, आणि यादवीचे जुने हिशेब बाकी होते. शिवाय या संघटनेत नाच, सायकलफेऱ्या, खेळ, सहली असत. खेड्यातल्या तरुणाला त्यात करमणूक होती. गेलिक क्लब चालवण्याची ओ'डफीची सगळी हातोटी इथे कामी आली. फरक इतकाच की क्लबला सामना असतो, सामन्याला पंच असतो आणि हरलेला संघ पुढच्या वर्षी परत खेळतो. कवायतीच्या राजकारणात यांतले काही नसते. १९३४ च्या स्थानिक निवडणुकांत पक्षाला अपेक्षित यश आले नाही. ऑगस्टमध्ये कॉर्कमधल्या मार्शेस यार्ड येथे जप्त गुरांच्या लिलावाच्या वेळी पोलिसांच्या गोळीबारात एक तरुण निळा सदरा मारला गेला. गोळ्या झाडणारे नव्या आयुक्ताने भरती केलेल्या सशस्त्र पथकातले होते. म्हणजे निःशस्त्रतेची चौकट डी व्हॅलेराच्या सरकारनेही वाकवली होती. ओ'डफीची भाषणे अधिकाधिक भडक होत गेली, पक्षातले वकील आणि प्राध्यापक धास्तावले, आणि सप्टेंबर १९३४ मध्ये त्याने राजीनामा दिला. पक्षाने सुटकेचा श्वास टाकला.

पुढचे थोडक्यात सांगण्याजोगे आहे. १९३५ मध्ये त्याने स्वतःचा पक्ष काढला, तो वाढला नाही. १९३६ च्या अखेरीस फ्रँकोच्या बाजूने लढायला तो सुमारे सातशे माणसे घेऊन स्पेनला गेला. फेब्रुवारी १९३७ मध्ये सिएम्पोझुएलोसजवळ त्यांची पहिली चकमक झाली ती आपल्याच बाजूच्या एका तुकडीशी, गैरसमजातून, आणि त्यात आयरिश जवान मेले. नंतर टिटुल्सियावरचा हल्ला फसला आणि जूनमध्ये पथक माघारी आले. फ्रँक रायनच्या नेतृत्वाखाली प्रजासत्ताकाच्या बाजूने लढलेले आयरिश संख्येने कमी, पण आज स्मारके त्यांची आहेत.

यावर एक आक्षेप येऊ शकतो. चौकटीने माणूस ताळ्यावर राहतो असे म्हटले, तर माणसाच्या जबाबदारीचे काय? त्याच चौकटीतून आलेले, तहाच्या बाजूचे नेते मल्काही आणि कॉसग्रेव्ह निवडणूक हरल्यावर विरोधी बाकांवर बसले. त्यांना इटलीकडे पाहावेसे वाटले नाही. आक्षेप खरा आहे. टाळ्यांची भूक, स्वतःविषयीच्या अतिरंजित कथा, विरोधकाला देशद्रोही ठरवण्याची घाई हे ओ'डफीचे दोष त्याचेच होते. फिअरगल मॅकगॅरीने २००५ मधल्या चरित्रात त्याने स्वतःची प्रतिमा किती जाणीवपूर्वक रचली हे तपशिलाने दाखवले आहे. पण हे दोष १९२१ मध्ये आर्माच्या व्यासपीठावरही दिसत होते. तेव्हा आणि नंतरची अकरा वर्षे देशाचे त्यांतून मोठे नुकसान झाले नाही, याचे उत्तर त्याच्या स्वभावात सापडत नाही.

ओ'डफी ३० नोव्हेंबर १९४४ रोजी डब्लिनमध्ये वारला. शेवटच्या वर्षांत तब्येत ढासळली होती आणि इतरांना दारूबंदी शिकवणारा हा माणूस स्वतः दारूच्या आहारी गेला होता. त्याला पदच्युत करणाऱ्या डी व्हॅलेराच्याच सरकारने त्याचा शासकीय इतमामाने अंत्यविधी केला आणि ग्लासनेव्हिनमध्ये कॉलिन्सच्या जवळ त्याला पुरले. आयुक्तपदावर त्याच्या जागी आलेला एमन ब्रॉय १९३८ पर्यंत त्या पदावर होता, आणि १९३५ ते १९५० आयरिश ऑलिंपिक मंडळाचा अध्यक्षही तोच राहिला. गार्डा दलातले गणवेशधारी शिपाई आजही सर्वसाधारणपणे बंदुकीविना गस्त घालतात.